वाईच्या प्रवासाचं शुद्धिपत्र

सांगली

प्रवासवर्णन लिहिणाऱ्यानं आधी हवामान सांगावं असा रिवाज आहे. मार्गशीर्ष होता, थंडी मरणाची होती आणि लोकरीची शाल बरोबर घ्यायची बुद्धी मला झाली नाही. झालं हवामान.

सांगलीहून वाई म्हणजे काही काशी-रामेश्वर नव्हे. सकाळी मिरजेला गाडीत बसलेला माणूस दिवेलागणीला वाईच्या घाटावर पाय धुतो. एवढ्याशा प्रवासाचं वर्णन कोणी करत नाही, मीही केलं नसतं. पण जाताना मी लेखिका म्हणून गेले होते आणि परत आले ती कोण म्हणून आले, हे अजून मला धड ठरवता आलेलं नाही. म्हणून हा खटाटोप.

मी मुलींच्या शाळेत मराठी शिकवते. घरी मी एकटी. मागं कोणी नाही, त्यामुळे मुलांसाठी गोष्टी लिहायला वेळ भरपूर. गेल्या दिवाळीला एका अंकात माझी एक गोष्ट आली आणि तिनं माझं डोकं फिरवलं, हे आधीच कबूल करते.

गोष्टीचा जन्म शाळेच्या वाचनालयात झाला. एका इंग्रजी सचित्र साप्ताहिकात लढाईनंतरचं एक छायाचित्र होतं. लाकडी शेडपुढे पादत्राणांचा ढीग. पुरुषांची, बायकांची, आणि तळहाताएवढी पोरांचीसुद्धा. खाली छापलं होतं की जर्मनांनी ज्यू माणसांना घराघरांतून धरून या छावणीत नेलं आणि मारलं. मी ते वाचलं, हळहळले. पण खरं सांगायचं तर तो ढीग पाहून मला पहिली आठवण आली ती देवळाची. लहानपणी आई कीर्तनाला जायची आणि मला बाहेर पायरीवर बसवायची, वहाणा राखायला. आतून झांजा ऐकू यायच्या, बाहेर मी आणि दोनशे जोड.

झालं, गोष्ट जमली. सारा नावाची सात वर्षांची ज्यू मुलगी, तिच्याच तोंडून सांगितलेली. छावणीत तिची आई दिसेनाशी होते. सारा हिंडत हिंडत शेडपाशी येते. बाहेर हा ढीग, ढिगात आईच्या वहाणा. ती मनाशी म्हणते, ‘एवढी माणसं आत गेली आहेत, म्हणजे आत कीर्तन असणार. कीर्तन संपलं की आई बाहेर येईल. तोवर मी तिच्या वहाणा राखते.’ आणि ती राखत बसते. अंधार पडतो, ती बसलेलीच. गोष्ट संपते.

महाराष्ट्र रडला. निदान पुण्यापासून सांगलीपर्यंतचा तरी रडला, तशी पत्रं माझ्याकडे आहेत. ‘निरागस बालमनाच्या आरशात उमटलेलं क्रौर्य’ असं एकानं लिहिलं. मी ते वाक्य पाठ केलं होतं, कोणी विचारलं तर सांगता यावं म्हणून. पुण्याच्या एका प्रकाशकानं गोष्टीचं पुस्तक काढायचं जाहीर केलं, पहिली प्रुफंही आली. आणि तेवढ्यात वाईहून चार ओळींचं इंग्रजी पत्र आलं. लिहिणारी मिशनच्या दवाखान्यातली डॉक्टरीण होती, लढाईच्या आधी व्हिएन्ना सोडून आलेली ज्यू बाई. ‘तुमच्या गोष्टीबद्दल आमच्या घरमालकीणबाईंनी सांगितलं. माझी दहा वर्षांची भाची त्या छावण्यांतून वाचून माझ्याकडे आली आहे. पुस्तक छापून होण्याआधी एकदा याल का? तुम्ही आलात तर आमचं एक काम होईल.’

काम होईल म्हणजे काय, याचा मी विचारसुद्धा केला नाही. पुस्तकाच्या सुरुवातीला दोन शब्द त्या मुलीचे मिळाले तर काय बहार होईल, एवढंच माझ्या डोक्यात. नाताळच्या सुटीत निघाले. बरोबर प्रुफं, भडंगाचा डबा आणि मिरजेच्या चांभाराकडून अंदाजानं घेतलेल्या लाल गोंड्याच्या कोल्हापुरी वहाणा. लेकरू पायांत घालील आणि घरभर नाचेल, असं मी मनात रंगवलंसुद्धा होतं.

वाठार

आगगाडीचं सोडून देते. धूर आणि डुलक्या, दुसरं काही नव्हतं.

वाठार स्टेशनात उतरून वाईची मोटार धरायची. लढाई संपून दीड वर्ष झालं तरी ही मोटार अजून कोळशावर चालत होती. मागं बंबासारखी टाकी, आणि चढ आला की उतारूंनी उतरून शेजारून चालायचं. तिसऱ्या चढाला मोटारीनं मान टाकली. ड्रायव्हर टाकी ढोसायला लागला, आम्ही बांधावर बसलो. माझा भडंगाचा डबा उतरताना निसटला आणि निम्मं भडंग रस्त्यावर सांडलं. कोंबड्यांची चंगळ झाली.

उरलेलं मी शेजारच्या माणसापुढे केलं. चाळिशीचा हवालदार, पेन्शन घेऊन आलेला, खाकी बरानकोट अजून अंगात. गाव वाईच्या अलीकडचं. इटलीत दोन वर्षं लढला होता.

‘वाईला कुनाकडं म्हनायचं?’ त्यानं विचारलं.

माझी जीभ वळवळतच होती. मी गोष्टीपासून डॉक्टरणीच्या पत्रापर्यंत सगळं सांगितलं. सारा वहाणा राखत बसते तिथं माझा आवाजही जरा भरून आला, नेहमीसारखा.

हवालदार भडंग खात होता. म्हणाला, ‘बाई, तुमी गेलता व्हय तिकडं?’

‘नाही. मी कशी जाणार?’

‘मग लिवलं कसं?’

‘लेखकाला कल्पनेनं जाता येतं,’ मी म्हटलं. वर्गात हेच वाक्य मी फार ऐटीत सांगते.

‘आसंल,’ तो म्हणाला. ‘आमी गेलतो. इटलीत लय पोरं बगितली. आईबाप न्हाईत, घर न्हाई. एक सांगू का? ती पोरं रडत न्हाईत. तोंडाकडं बी बगत न्हाईत. पयलं आपल्या हाताकडं बगत्यात. हातात पाव हाय का बंदूक हाय, ते बगायचं, मग जवळ यायचं का पळायचं ते ठरवायचं. चार वर्साचं पोरगं बगा. माजा धाकला त्याच वयाचा हुता तवा. त्याला चड्डीची नाडी बांदता येत नव्हती.’

मला राग आला. आपण एवढं रंगून सांगावं आणि समोरच्यानं नाडीवर यावं. ‘बालमन निरागसच असतं,’ मी म्हटलं.

‘व्हय की,’ तो म्हणाला आणि हात झटकून मोटार ढकलायला गेला.

वाई

कृष्णा सांगलीला येते तेव्हा ती पोटभर जेवलेल्या सासुरवाशिणीसारखी संथ असते. वाईला मात्र ती अजून माहेरची पोर आहे, दगडांवरून खिदळत जाते. घाट देखणे, देवळं देखणी आणि वाईकरांना हे ठाऊक आहे. आपल्या गावात विद्येची खाण आहे असं ते दर दहा मिनिटांनी सुचवतात. आम्ही सांगलीकर हळदीवर समाधानी असतो.

उतरले मथूताईंकडे. त्याच डॉक्टरणीच्या घरमालकीण, वकिलांच्या पत्नी. वय माझ्याएवढं, मूलबाळ नाही, मनानं उदार आणि हाताला चव. वाघ्या घेवड्याची आमटी, बाजरीची गरम भाकरी, वर लोण्याचा गोळा. आमच्याकडे आमटीत गूळ सढळ पडतो, वाईत जरा हात आखडता, पण त्या थंडीत मी तीन वाट्या आमटी प्यायले. मथूताई वाढता वाढता म्हणाल्या, ‘तुमची गोष्ट मी चारदा वाचली हो. चारही वेळा पदर ओला. उद्या दुपारी मंडळातल्या सगळ्या बायकांना बोलावलंय. तुमच्याच तोंडून ऐकायची.’

मी संकोच केल्यासारखं केलं.

तेवढ्यात दाराशी पाणी ओतल्याचा आवाज आला. पाहिलं तर उंबऱ्याबाहेर एक मुलगी. आखूड कापलेले केस, अंगात डॉक्टरणीचा जुना स्वेटर कापून केलेला झगा आणि पायांत काळे, जाड, नाडीचे बूट. एका पायावर उभी राहून तिनं दुसऱ्या बुटाचा तळ तांब्यातल्या पाण्यानं धुतला, फडक्यानं पुसला. मग दुसरा. मग उंबरा ओलांडून, माजघरातून, देवघराच्या दारावरून ती माडीच्या जिन्याकडे गेली. आम्ही पाय धुऊन आत येतो तशी ती बूट धुऊन आली. जाताना तिनं माझ्याकडे पाहिलं. तोंडाकडे नाही, हातांकडे. माझ्या हातात भाकरी होती.

ती वर गेल्यावर मथूताईंनी ताट बाजूला सारलं. ‘बघितलंत? नऊ महिने झाले. झोपतेसुद्धा बूट घालून, डॉक्टरणीनंच सांगितलं मला. जिन्याला दुसरी वाट नाही, देवावरून जावं लागतं. मी हात जोडले, म्हटलं हातात धरून ने, माडीवर गेलीस की घाल. नाही. कातडं ते कातडं, कितीही धुतलं तरी. घरात सासूबाईंच्या वेळेपासूनचे देव आहेत. शेवटी सांगितलं डॉक्टरणीला, संक्रांतीपर्यंत सवय मोडली तर राहा, नाहीतर दुसरी जागा बघा. मला का बरं वाटतंय? पण घर म्हटलं की काही रीत आहे.’

मी मान डोलावली. माझ्या घरी कोणी बुटासकट देवावरून गेलं असतं तर मी नऊ महिने थांबले नसते.

वाई, दुसरा दिवस

सकाळी डॉक्टरणीनं मला माडीवर बोलावलं. बाई किडकिडीत, बोलणं मोजकं. स्वतः अनवाणी होती, बूट खाली उंबऱ्याबाहेर ठेवून आलेली. दोन खोल्या, पुस्तकं, खिडकीतून नदी. चहा दिला आणि सरळ मुद्द्यावर आली. आमचं बोलणं इंग्रजीत झालं.

‘मला दवाखान्याजवळ दुसरी जागा मिळत नाही. परदेशी बाई, त्यात हे मूल. पण जागेपेक्षा मोठी गोष्ट ही आहे की रूत इथं पहिल्यांदा झोपायला लागली आहे. नदीचा आवाज तिला आवडतो. आता पुन्हा हलवायचं म्हणजे मला भीती वाटते. मालकीणबाई वाईट नाहीत. त्या तुमची गोष्ट पोथीसारखी वाचतात. तुम्ही त्यांना सांगितलंत की ही मुलगी बूट का काढत नाही, तर त्या ऐकतील. माझं ऐकत नाहीत, तुमचं ऐकतील. एवढ्यासाठी बोलावलं.’

प्रस्तावनेबद्दल अवाक्षर नाही. मी चहा संपवला आणि विचारलं, ‘का काढत नाही?’

‘तिलाच विचारा. मराठीत विचारा. मला ती आमच्या भाषेत सांगत नाही. त्या भाषेत ती काहीच सांगत नाही.’

मराठी तिला सोनाबाईनं शिकवलं होतं. सोनाबाई डॉक्टरणीकडे स्वयंपाकाला, वाईजवळच्या खेड्यातली. त्यामुळे व्हिएन्नाच्या बाईची भाची सोनाबाईसारखं बोलायची. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला हसू फुटलं होतं. ते शेवटचं.

रूत घाटावर होती, पायऱ्यांवर, पाण्यापासून चार हात दूर. मी वहाणांचं पुडकं सोडून तिच्यापुढे ठेवलं. तिनं आधी माझे हात पाहिले, मग वहाणा उचलल्या, गोंडा ओढून पाहिला, तळ वाकवून पाहिला. परत पुडक्यात ठेवल्या.

‘ग्वाड हाईत. पर ह्यात पळता येत न्हाई,’ ती म्हणाली.

‘पळायचंय कुठं तुला इथून?’

तिनं पुडक्याची दोरी पुन्हा बांधली. म्हणाली, ‘ती गोष्ट तुमी लिवली व्हय? मथूताईनी वाचली मला. लय रडल्या.’

‘तुला आवडली?’ शहाण्या माणसानं हा प्रश्न कोणालाही विचारू नये. मी विचारला.

‘ती पोर येडी हाय का?’

‘कोण? सारा? नाही गं. का?’

‘किती वर्साची हाय?’

‘सात.’

‘सात म्हंजी मोटी हाय,’ रूत म्हणाली. ‘तिला कळाया पायजे. तितं बर्फ हाय का न्हाई?’

‘आहे. असेल.’ माझ्या गोष्टीत बर्फ होतं की नाही हे मला खरंच आठवेना.

‘मग बर्फात पायताण कोन काडतंय? तितं देवळात जाताना बी कोन काडत न्हाई. घरात बी काडत न्हाई. हितं काडत्यात, मला सोनामावशीनी सांगितलं. तितं पायताण निघालं म्हंजी मानूस ग्येलं.’

ती हे सगळं वर्गात उत्तर द्यावं तसं सांगत होती. दोनशे जोडांपुढे बसलेली सात वर्षांची मी त्या शेडपुढे नेऊन बसवली होती. पायरीवर वहाणा काढायची रीत माझी, कीर्तन माझं, आणि नाव तेवढं सारा.

‘माज्या आईचे बूट तपकिरी व्हते,’ रूत म्हणाली. ‘एक बक्कल तुटलं व्हतं, बानं दुसरं लावलं व्हतं, चौकोनी. आमी रांगंनं चाललो व्हतो. तितं ढीग व्हता. मला ते बक्कल दिसलं. मला लगीच कळलं. माज्या शेजारी एक बाय व्हती, तिला बी कळलं. ती म्हनली, बगू नगं, चालत ऱ्हा. आन रातीला पन बूट काडू नगं, कोन घील. मी चालत ऱ्हायले.’

मी तिचा हात धरायला गेले. तिनं तो मागं घेतला, रागानं नव्हे, सवयीनं.

‘बसली आसती राखत, तर मला बी मारलं आसतं,’ ती म्हणाली. ‘तुमची पोर मरती का शेवटी?’

‘गोष्टीत तसं सांगितलं नाही.’

‘मरती,’ ती म्हणाली. ‘बसली म्हंजी मरती.’

खाली एक बाई धुणं आपटत होती. आम्ही दोघी तिच्याकडे बघत बसलो. नंतर रूत उठली, नाड्या तपासल्या आणि घराकडे गेली. मी तिथंच बसून प्रुफं काढली आणि पेन्सिलीनं ‘आत कीर्तन असणार’ यावर काट मारली. समासात लिहिलं, ‘मला लगेच कळलं.’ दुपारी बायकांपुढे मी हेच वाचणार होते, आणि मग मथूताईंना सगळं सांगणार होते. शपथेवर सांगते, घाटावरून उठताना माझा तोच निश्चय होता.

वाई, दुपार

माजघरात सतरंज्या अंथरलेल्या. तीसेक बायका, कोणी वाती वळत, कोणी लोकर विणत. बाहेर उंबऱ्याशी सगळ्यांच्या वहाणांचा ढीग. मी तो ओलांडून आत आले.

मथूताईंनी ओळख करून दिली. माझं नाव झालं, सांगली झाली, मग त्यांचा आवाज कापायला लागला. ‘मी तुम्हाला आधी काही सांगत नाही,’ त्या बायकांना म्हणाल्या, ‘पण ते कीर्तनाचं वाक्य येईल ना, तेव्हा बघा. तसं वाक्य जन्मात एकदा लिहून होतं.’

मी वाचायला लागले. बायका सुरेख ऐकत होत्या. वाती थांबल्या, सुया थांबल्या. वाचणाऱ्याला हे कळतं, श्रोत्यांचा श्वास आपल्या हातात आला की कळतं, आणि त्याची चटक वाईट. शेडपाशी आले. पेन्सिलीची काट समोर होती. मथूताई हात जोडून, डोळे मिटून वाट बघत होत्या.

दाराशी पाणी ओतल्याचा आवाज झाला. रूत एका पायावर उभी, हातात तांब्या. ती माझ्याकडे बघत होती, माझ्या हातांतल्या कागदांकडे.

मी वाचलं, ‘एवढी माणसं आत गेली आहेत, म्हणजे आत कीर्तन असणार.’

का वाचलं? वाक्य चांगलं होतं म्हणून. तीस बायका वाट बघत होत्या म्हणून. दुसरं कारण शोधून थकले, सापडलं नाही. पुढची अडीच पानंही वाचली, अंधार पडेपर्यंत साराला बसवून ठेवलं. माजघरात नुसते हुंदके.

पदरानं डोळे पुसत मथूताई उठल्या आणि दाराशी गेल्या. त्यांचा चेहरा इतका मऊ झाला होता की मला वाटलं, आता सगळं आपोआप निभावेल. त्या उंबऱ्याशी मांडी घालून बसल्या, तिथंच, वहाणांच्या ढिगाशेजारी. म्हणाल्या, ‘रूत, बाळ, ये. काढ ते बूट. मी राखते. त्या सारानं राखल्या ना आईच्या वहाणा, तशी मी इथं बसून राखते, रोज राखीन. कोणी नेणार नाही. काढ.’

एवढ्या श्रीमंत घरची बाई केरात बसली होती. बायकांचे डोळे पुन्हा भरून आले. त्यातलं एकही आसू खोटं नव्हतं.

रूतनं मथूताईंकडे पाहिलं नाही. ती माझ्याकडे पाहत होती. पहिल्यांदाच तोंडाकडे. मला एवढंच म्हणायचं होतं, ‘ताई, माझी गोष्ट चुकली आहे. हिला राहू द्या बुटांसकट.’

मी म्हटलं, ‘काढ बाळ. ताई राखतील.’

ती जराही दचकली नाही. तांब्या खाली ठेवला, फडकं घडी करून त्यावर ठेवलं आणि वळून रस्त्यावर चालत गेली. पळाली नाही. चालत राहिली.

मथूताई केरातून उठल्या. ‘आता याहून माणसानं काय करायचं?’ त्यांनी मला विचारलं. त्या खरंच दुखावल्या होत्या. मी म्हटलं, ‘होईल हळूहळू सवय.’ मग पोहे झाले, चहा झाला, मला नारळ मिळाला.

रूत आणि डॉक्टरीण दिवेलागणीला दवाखान्यातून परत आल्या. डॉक्टरणीनं बूट उंबऱ्याबाहेर काढले, रूतनं धुतले आणि दोघी माडीवर गेल्या. थोड्या वेळानं डॉक्टरीण एकटी खाली आली आणि मथूताईंना म्हणाली की संक्रांतीपर्यंत थांबत नाही, दोन दिवसांत खोल्या रिकाम्या करते. मी जवळच पानाला चुना लावत बसले होते. ती माझ्याशी अदबीनं बोलली. ‘आपण एवढ्या लांब आलात, आभारी आहे,’ असं इंग्रजीत म्हणाली. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

पुन्हा सांगली

परतीची मोटार कुठंही बंद पडली नाही. हवालदार भेटला नाही. भेटला असता तरी मी मोटारीत तोंड लपवूनच बसले असते.

घरी येऊन त्याच दिवशी प्रकाशकाला पत्र लिहिलं, तो प्रसंग बदलायचा आहे म्हणून. उत्तर आठ दिवसांनी आलं. ‘फॉर्म छापून झाले. शिवाय तो प्रसंग हाच पुस्तकाचा प्राण आहे, तो काढून वाचकाला काय देणार? मुद्रणदोष असतील ते कळवा, शेवटी शुद्धिपत्र जोडणारच आहोत.’

मी भांडले नाही. भांडता आलं असतं. छापलेली पानं रद्दी करा म्हणून सांगता आलं असतं. मी मुद्रणदोष काढून पाठवले, आणि त्यांतच एक ओळ घुसडली. कंपोझिटरनं निमूटपणे जुळवली.

मथूताईंचं पत्र आलं. खोल्यांत आता एक पोस्टमास्तर राहतात, फार सोवळे आहेत. डॉक्टरीण पाचगणीला एका आरोग्यभवनात गेली, तिथं फरशीवर कोणी कोणाचे पाय बघत नाही म्हणे. ‘नदी मात्र नाही तिथं,’ असं मथूताईंनी आपणहून लिहिलं होतं, ‘मला चुटपुट लागली आहे.’ लाल गोंड्याच्या वहाणा सोनाबाईच्या लेकीला होतात.

पुस्तक आलं, खपतंही आहे. शाळांतून बक्षीस म्हणून देतात. शेवटच्या पानावर शुद्धिपत्र आहे, जे परवापर्यंत कोणी वाचल्याचं ऐकिवात नव्हतं. ऱ्हस्व-दीर्घाच्या बारा चुका, एक उलटं पडलेलं अक्षर आणि मध्येच ही ओळ: ‘पृष्ठ ३१, ओळ ९. अशुद्ध: आत कीर्तन असणार. शुद्ध: मला लगेच कळलं.’

परवा कराडच्या एका निवृत्त मास्तरांचं पत्र आलं. माझ्या माहितीत शुद्धिपत्र वाचणारा हा एकच माणूस. लिहितात, ‘पुस्तक उत्तम. मात्र शुद्धिपत्रातच एक चूक राहिली आहे, ती पुढल्या आवृत्तीत सुधारावी. मुलीला जर लगेच कळलं, तर पुढे ती वहाणा राखत बसेल कशी?’

त्यांना उत्तर लिहिलं. तुमचं बरोबर आहे, ती बसत नाही. पुढची अडीच पानंही अशुद्ध आहेत. तेवढी जागा शुद्धिपत्रात नव्हती.